तुमच्या काल्पनिक समुद्राचं पाणी रात्री चमकवायचंय? मग आधी हे ठरवून घ्या

माझ्या गोष्टीतल्या जगात भुसावळला बंदर आहे. सातपुडा तिथेच आहे, सातमाळा-अजिंठ्याचे डोंगरही तिथेच आहेत, फक्त मधलं तापीचं खोरं खचलंय आणि खंबातच्या आखातातून समुद्र आत शिरलाय तो थेट चांगदेवपर्यंत. चोपडा, शिरपूर उत्तर किनाऱ्याला, अमळनेर दक्षिणेला, उतारावर केळीच्या बागा आणि खाली खारं पाणी. त्या समुद्राचं नाव खारतापी, आणि तिचं पाणी रात्री चमकतं. हे चमकणारं पाणी नीट जमवायला मला दोन वर्षं लागली म्हणून सगळं लिहून ठेवतेय, कारण खूप जणांच्या गोष्टीत असा समुद्र येतो आणि बहुतेक वेळा तो नुसता निळ्या लाइटिंगचा पडदा असतो, दिसायला सुंदर, पण त्याच्यामुळे गोष्टीत काही घडत नाही.

पहिल्या खर्ड्यात मीही तेच केलं होतं. अख्खा समुद्र रात्रभर ट्यूबलाइटसारखा लखलखतोय, होड्या चालल्यात, नायिका काठावर बसून पत्र वाचतेय. ते मी आमच्या गल्लीतल्या भोई आबांना वाचून दाखवलं, त्यांचा सगळा जन्म तापीत जाळं टाकण्यात गेलाय. त्यांनी शांतपणे ऐकून घेतलं आणि म्हणाले, "बेटा, इतला उजेड व्हई तं मासाले जाय दखाई जाई ना." मासा जाळं बघेल की. खऱ्या समुद्रातही हेच होतं, चमकणारे जीव दाट झाले की पाण्यात टाकलेल्या जाळ्याचा धागा न् धागा उजळतो आणि मासे बिचकून बाजूला होतात. म्हणजे मी जे पाणी नुसतं शोभेला ठेवलं होतं त्याने माझ्या जगातल्या कोळ्यांचा धंदाच बसवला होता आणि मला ते कळलंही नव्हतं.

तर सगळ्यात आधी ठरवायचं ते हे की तुमचा जीव चमकतो कशासाठी. खऱ्या समुद्रात दोन मोठे प्रकार आहेत आणि दोघांचा स्वभाव एकदम वेगळा, त्यांची मिसळ केली की गोष्ट फसते.

पहिला प्रकार धक्का लागला की चमकणारा. हे बहुतेक डायनोफ्लॅजेलेट, एका पेशीचे जीव. त्यातला सगळ्यात प्रसिद्ध नॉक्टिल्युका, हा फुग्यासारखा गोल असतो, पाव मिलिमीटरपासून दोन मिलिमीटरपर्यंत, म्हणजे मोठा असला तर खसखशीच्या दाण्याएवढा नुसत्या डोळ्यांनी दिसतो. पाणी शांत असलं की अंधार. लाट फुटली, वल्हं पडलं, मासा सळसळला, की तेवढ्याच जागी निळी चमक आणि साधारण एका सेकंदाच्या दहाव्या भागात खलास. आत काय होतं तर धक्क्याने पेशीच्या पडद्यावरून विजेचा एक झटका पळतो, आतल्या आम्लाच्या पिशवीतून प्रोटॉन बाहेर येतात, आणि त्या आंबटपणाने ल्युसिफेरेज नावाचं एन्झाइम जागं होतं, ते ल्युसिफेरिनचा ऑक्सिजनशी संयोग घडवतं आणि त्यातून उजेड पडतो. उष्णता जवळपास नाहीच. ही दोन नावं फ्रेंच शास्त्रज्ञ राफाएल द्युबॉ याने १८८७ च्या सुमारास दिलेली आहेत.

आता हा जीव स्वतःला असा उघडा का पाडतो? एक समजूत अशी की ही चोराच्या घरातली घंटा आहे. डायनोफ्लॅजेलेटला खायला एखादा बारीक कोळंबीसारखा प्राणी आला की चमक होते, त्या चमकेत तो खाणारा मोठ्या माशाला दिसतो आणि स्वतःच खाल्ला जातो. गोष्ट लिहिणाऱ्यासाठी हे सोनं आहे. कारण मग नियम असा झाला की पाण्यात जो हलेल तो दिसेल. पळून जाणारा, चोरून माल आणणारा, रात्री पोहून पलीकडच्या गावाला भेटायला जाणारी पोरगी, सगळे दिसणार. माझ्या खारतापीत मी हाच प्रकार घेतला आणि त्या जिवाला नाव दिलं चेती. आमच्या अहिराणीत पेटणं म्हणजे चेतनं, तिथले लोक काठावर येऊन म्हणतात "आज पानी चेतेल शे", त्यातून आपोआप नाव पडलं. नाव असंच ठेवा, लोकांच्या बोलण्यातून आलेलं. चंद्रप्रभा, नीलज्योती असली नावं पुस्तकात बरी वाटतात, पण पहाटे तीनला जाळं ओढणारा माणूस असं बोलेल का, एकदा मोठ्याने म्हणून बघा.

दुसरा प्रकार बॅक्टेरियांचा. यांना धक्का लागत नाही, हे सलग उजळत राहतात, पण गर्दी झाल्याशिवाय सुरूच होत नाहीत. प्रत्येक जिवाणू पाण्यात थोडं थोडं एक रसायन सोडतो, आजूबाजूला ते पुरेसं साचलं की सगळ्यांना कळतं आपण खूप जण जमलोय, मग उजेड चालू. थंडीत शेतात भरीत पार्टी असते ना, तिथे दहाबारा पोरं जमल्याशिवाय कोणी वांगी भाजायला काड्या पेटवत नाही, तसंच. उघड्या समुद्रात एकटा जिवाणू उगाच ताकद घालवत नाही, पण हवाईकडे एक छोटा स्क्विड असतो त्याच्या पोटाखालच्या पिशवीत हे दाटीने राहतात आणि त्याच्यासाठी उजेड पाडतात, म्हणजे खालून बघणाऱ्याला चांदण्यात त्याची सावली दिसत नाही, आणि रोज पहाटे तो स्क्विड त्यातले सुमारे ९५ टक्के बाहेर टाकून देतो. उरलेले दिवसभरात परत वाढतात. हे वाचलं तेव्हा मी वही बाजूला ठेवून नुसती बसून राहिले होते, एवढं विचित्र आपल्याला मनाने सुचलंच नसतं.

बॅक्टेरियांचा प्रकार मोठ्या पाण्यावर झाला की त्याला दुधाळ समुद्र म्हणतात. जानेवारी १९९५ मध्ये सोमालियाच्या किनाऱ्यापासून दूर लिमा नावाच्या मालवाहू जहाजाने असं पाणी पाहिल्याची नोंद केली होती, आणि नंतर जुने उपग्रह फोटो काढून बघितले तर तीन रात्री तो पट्टा दिसत होता, सुमारे १५,४०० चौरस किलोमीटर. आपला जळगाव जिल्हा ११,७०० च्या आसपास आहे, म्हणजे जिल्हा बुडून वर उरेल एवढा. तर तुम्हाला अख्खं क्षितिज उजळवायचं असेल तर चेतीसारखा जीव चालणार नाही, हा दुसरा प्रकार घ्या आणि तो क्वचित येऊ द्या, पिढीत एकदा, म्हाताऱ्या माणसांनी सांगावं असा.

मग येतो दिव्याचा प्रश्न, कारण प्रत्येकाला बाटलीत हे पाणी भरून कंदील करायचाच असतो. चेतीसारख्या जिवाची बाटली हलवली की झकास चमकते, परत हलवली की थोडी कमी, अजून दोनचारदा हलवली की दमली. मग तिला विश्रांती लागते. त्यावर कोणी पत्र वाचू शकत नाही. बॅक्टेरियाची बाटली मात्र सलग उजळते, पण तिला खाऊ पाहिजे आणि हवा पाहिजे, ऑक्सिजन संपला की तळापासून मंद होत जाते आणि परत ढवळलं की उजळते. १९०० च्या पॅरिस प्रदर्शनात याच द्युबॉने काचेच्या भांड्यांमध्ये असे जिवाणू ठेवून एक दालन उजळवलं होतं. म्हणजे तुमच्या जगात जिवंत दिवे असतील तर ते ढवळणारा, त्यांना खाऊ घालणारा कोणीतरी असला पाहिजे, ते काम कोणाचं, मजुरी किती, तो झोपतो कधी, हे लिहा. आणि तिसरा रस्ता म्हणजे वाळवलेली पूड. जपानकडे समुद्रात एक तिळाएवढा कवचवाला प्राणी असतो, तो वाळवून ठेवला आणि नंतर पाण्याचा थेंब टाकला की निळा उजेड देतो, दुसऱ्या महायुद्धात जपानी सैन्याने नकाशे वाचायला तो गोळा केला होता. माझ्या गोष्टीत शिरपूरच्या बाजाराला अशी पूड मिळते, पुडीत बांधलेली, ओली झाली की पैसे गेले. म्हणून पावसाळ्यात तिचा भाव पडतो कारण कोणी साठवायला तयार नसतं.

ऋतू ठरवल्याशिवाय पुढे जाऊ नका. वर्षभर रोज रात्री चमकणारं पाणी म्हणजे कोणाला त्याचं काही वाटणार नाही. खरी साखळी अशी असते की पाऊस आणि वारं पाण्यात खत आणतं, त्यावर आधी बारीक शेवाळासारखे डायटम वाढतात, मग त्यांना खाऊन नॉक्टिल्युका वाढतो. मी सरळ आपल्या काळ्या मातीचा उपयोग केला. पावसाळ्यात गिरणा, पांझरा, बोरी सगळ्या नद्या कपाशीच्या शेतातली माती धुऊन खारतापीत आणतात, भाद्रपदात पाणी गढूळ, तेव्हा काही दिसत नाही कारण गढूळ पाण्यात निळा उजेड काही हातांवरच विरून जातो. दसऱ्यापर्यंत गाळ बसतो, आणि मग दिवाळीला चेती भरात येते. इथे मला एक गोष्ट फार आवडली, ठरवून केली नव्हती, आपसूक जुळली. दिवाळी अमावास्येला असते, म्हणजे पाण्याचा उजेड सगळ्यात जास्त दिसणार. सारंगखेड्याची यात्रा दत्तजयंतीला, पौर्णिमेला, तेव्हा पाणी तितकंच चेतलेलं असेल पण चंद्राच्या उजेडात कोणाला कळणार नाही. त्यामुळे माझ्या जगात घोड्यांचे व्यापारी बोटीने सारंगखेड्याला पौर्णिमेच्या रात्रीच जातात, चोरांना माग दिसू नये म्हणून. एवढा मोठा प्रसंग मला नुसतं पंचांग उघडून मिळाला. तुमच्या जगात दोन चंद्र असतील तर तेही मांडून बघा, दोन्ही नसलेल्या रात्री किती ते मोजा, त्याच रात्री तुमच्या कथेच्या महत्त्वाच्या रात्री.

दिवसा काय दिसतं हेही लोक विसरतात. दाट नॉक्टिल्युका दिवसा पाण्यावर लालसर पट्टे आणतो, गेरू कालवल्यासारखे, आणि त्याची एक हिरवी जात आहे, तिच्या पोटात हिरवे शेवाळ-जीव राहतात, अरबी समुद्रात हिवाळ्यात ती खूप दिसते. फार दाट झाला की पाण्यात अमोनिया वाढतो, ऑक्सिजन कमी होतो, मासे मरतात. म्हणजे रात्री बघायला गर्दी आणि सकाळी काठावर मेलेले मासे आणि वास. सूक्ष्म जिवांनी पाण्याचा रंग बदलणं आपल्याला काही नवीन नाही, जून २०२० मध्ये लोणार सरोवर गुलाबी झालं होतं ते खारट पाण्यातल्या अशाच जिवांमुळे. आणि यातले बरेच जीव घड्याळ पाळतात, उजेडात चमकायची यंत्रणाच बंद असते, काही तर पेशीतले चमकणारे कण पहाटे मोडून टाकतात आणि संध्याकाळी परत बनवतात. त्यामुळे भर दुपारी गुहेत बादलीभर पाणी नेलं तरी ते लगेच चमकेल असं नाही, हा नियम पाळलात तर एखादं पात्र त्यात छान फसवता येतं.

रंगाबद्दल थोडक्यात. समुद्रातला उजेड निळाच का, कारण पाण्यात निळा सगळ्यात लांब जातो आणि तिथल्या बहुतेक प्राण्यांच्या डोळ्यांना तोच दिसतो. जमिनीवर काजवा पिवळा-हिरवा. तुम्हाला लाल पाहिजे असेल तर कारण द्या, खोल समुद्रात ड्रॅगनफिश म्हणून मासा आहे तो लाल उजेड पाडतो आणि इतरांना तो दिसतच नाही, म्हणजे त्याची स्वतःची खाजगी बॅटरी. आणि गोडी नदी चमकवायची असेल तर ती मोठी गोष्ट धरा, कारण खऱ्या जगात गोड्या पाण्यात चमकणारे प्राणी जवळपास नाहीतच, न्यूझीलंडमधली एक छोटी गोगलगाय सोडली तर. मी म्हणूनच तापी तशीच ठेवली, काळी, आणि ती जिथे खाऱ्या पाण्याला मिळते तिथे उजेडाची एक रेघ थांबते. नावाडी त्या रेघेवरून ओळखतात की आता पाणी प्यायला चालेल.

आता लिहायचं कसं. समुद्र आपल्यापासून लांब आहे, पण डोळ्यांना सवय लावता येते. घरात लाइट बंद करा, खिडकीला चादर लावा, मोबाईल दुसऱ्या खोलीत ठेवा आणि वीस-तीस मिनिटं बसा, डोळे अंधाराला पूर्ण सरावायला तेवढा वेळ लागतोच. मग पक्कडीत खडीसाखरेचा मोठा खडा धरून दाबा. तुटताना बारीक निळसर ठिणगी दिसेल. कारण पूर्ण वेगळं आहे, तिथे स्फटिक तडकताना वीज तयार होते आणि हवेतला नायट्रोजन चमकतो, जीव वगैरे काही नाही, पण धक्का, झटक्यात येणारी चमक आणि "दिसलं का खरंच?" ही भावना अगदी तीच. पहिला खडा फुकटच जातो कारण नजर दुसरीकडे असते. हे सगळं करून मग लिहा, वाक्यं बदलतात.

एक गोष्ट फोटो बघून लिहिणाऱ्यांची नेहमी चुकते. कॅमेरा कितीतरी सेकंद उघडा ठेवलेला असतो म्हणून निळा रंग भडक येतो. मंद उजेडात आपले डोळे रंग नीट पकडत नाहीत, त्यामुळे फिकी चमक राखाडी-पांढरट दिसते आणि जोरात चमकली तरच निळी. दुधाळ समुद्राला दुधाळ म्हणतात ते त्याचमुळे, जिवाणूंचा उजेड खरा निळाच असतो.

मी प्रत्यक्ष बघितलंय एकदाच, दापोलीच्या बाजूला, नोव्हेंबरमध्ये, अवसेच्या दोन दिवस आधी. समुद्र काळाच होता, आम्ही तर परत निघालो होतो. मग ओल्या वाळूत पाय पडला आणि पावलाच्या कडेने एक कडं उजळलं, दुसरं पाऊल टाकेपर्यंत ते गेलं. मी ओढणीचं टोक पाण्यात बुडवून पिळलं, तर पिळताना ठिणग्या कापडातून बोटांवर उतरल्या, एक कण अंगठ्याच्या पेराच्या सुरकुतीत अडकला, त्याला दुसऱ्या बोटाने चोळलं तर तो अजून एकदाच चमकला. मग कितीही चोळलं तरी नाही. खारतापीतल्या प्रत्येक प्रसंगात मी आता तो अंगठा आधी आठवते आणि मग समुद्र लिहिते. तुम्हीही लांबून सुरुवात करू नका. एक वल्हं, एक हात, एक भांडं घ्या, तेवढंच चमकू द्या, बाकी अंधार राहू द्या.

आणि लोकांच्या सवयी भरपूर लिहा, तिथेच जग उभं राहतं. माझ्याकडे दक्षिण किनाऱ्यावरच्या बायका अवसेला पाणी भरायला एकट्या जात नाहीत, कारण खाली कोणी पोहत येत असेल तर दोघींना चारी बाजूंचं पाणी बघता येतं. नावाडी पोरांना पहिला धडा देतात तो वल्हं सपाट न मारता तिरपं घालायचा, उजेड कमी होतो. लहान मुलं काठावर खडे मारतात आणि मोठी माणसं रागावतात, कारण खड्याच्या चमकेने काठाजवळचे मासे पांगतात. आणि मासेमारीचं गणित मी उलटं केलं. दाट चेतीच्या रात्री जाळं नाही टाकायचं, टेकडीवर एक माणूस बसवायचा, माशांचा थवा पाण्याखालून गेला की त्याचा उजेडाचा ढग सरकताना दिसतो, तो वरून ओरडून सांगतो कुठे चाललाय ते, आणि थवा उथळ खाडीत शिरला की मागून तोंड बंद करायचं. जाळं दिसलं तरी माशाला जायला जागा नाही.

हे मी आबांना परत वाचून दाखवलं. त्यांनी बराच वेळ विचार केला आणि विचारलं की जाळं नावेतून ओढतात का काठावरून, कारण नावेतून ओढलं तर वल्ह्याचा उजेड थव्याच्या आधी खाडीच्या तोंडाशी पोचेल. ते पान मी फाडलं. सध्याच्या खर्ड्यात ते काठावरून ओढतात, दोन्ही बाजूंनी आठ-आठ जण, कंबरेएवढ्या पाण्यात आधीपासून न हलता उभे, आणि तोवर कोणी बिडी पेटवत नाही.